मित्र किती यापेक्षा मित्र कधी: लष्करी युती आणि मोठ्या युद्धांचे निकाल

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: दोन्ही महायुद्धांत जिंकणाऱ्या बाजूकडे माणसं, कारखाने, तेल, पैसा सगळंच जास्त होतं. मग निकाल त्या बळानेच ठरला असं का म्हणू नये? युतीने वेगळं काय केलं? आणि कागदावरच्या करारांवर भरवसा कितपत ठेवावा?

मी बरीच वर्षं लष्करी अधिकाऱ्यांना युद्धेतिहास शिकवला आहे. हा प्रश्न प्रत्येक तुकडीत कुणीतरी विचारतंच, आणि विचारणारा बहुधा वर्गातला हुशार विद्यार्थी असतो. बळाच्या बेरजेचा मुद्दा खोटा नाही, पण ती बेरीज आपोआप होत नाही. तीन देशांच्या फौजा एकाच वेळी, एकाच शत्रूवर, त्याला श्वास घेऊ न देता तुटून पडल्या तरच ती बेरीज. एक लढतोय, दुसरा तयारी करतोय आणि तिसरा कुंपणावर बसलाय, अशी स्थिती असेल तर शत्रूला तीन छोटी युद्धं लढायला मिळतात आणि तो ती एकामागून एक जिंकतो. युती निकाल बदलते ती मुख्यतः इथे. शत्रूला मित्रांना एकेकटं गाठता येऊ नये, एवढं जिने साधलं ती युती चालली.

याचा सर्वांत स्वच्छ दाखला नेपोलियनचा आहे. १८०५ मध्ये ब्रिटन, ऑस्ट्रिया आणि रशिया त्याच्याविरुद्ध एकत्र आले होते. रशियन फौज पोहोचायच्या आत त्याने ऑक्टोबरमध्ये उल्मला एक ऑस्ट्रियन सेना कोंडून शरण आणली. प्रशिया हे उत्तर जर्मनीतलं राज्य युद्धात उतरायच्या बेतात होतं. त्याचा दूत निर्वाणीचा खलिता घेऊन निघाला, पण २ डिसेंबरला ऑस्टरलिट्झला ऑस्ट्रिया आणि रशिया हरले आणि त्या दूतावर नेपोलियनचं अभिनंदन करायची पाळी आली. पुढच्या वर्षी प्रशिया लढला, पण तोवर ऑस्ट्रिया बाहेर पडला होता. ऑक्टोबर १८०६ मध्ये येना आणि आउअरस्टेटला प्रशियाची सेना एका दिवसात मोडली. जून १८०७ मध्ये फ्रीडलँडला रशियाची पाळी आली. १८०९ मध्ये ऑस्ट्रिया पुन्हा उठला, या वेळी युरोपच्या भूमीवर जवळजवळ एकटाच, आणि वाग्रामला हरला. चार वर्षांत या सगळ्यांनी मिळून जितके सैनिक उभे केले, ते एकाच उन्हाळ्यात मैदानात असते तर गोष्ट वेगळी झाली असती.

१८१३ मध्ये ती झाली. त्या वर्षीच्या जुलैत ट्राखेनबर्गला मित्रांनी ठरवलेली योजना वरवर भित्री वाटते: नेपोलियन स्वतः समोर आला तर मागे सरायचं, त्याचे सेनापती वेगळे सापडले की झोडपायचं, आणि बाकीच्या सेनांनी त्याच वेळी त्याच्या बगलेकडे सरकायचं. ऑगस्टच्या शेवटी ड्रेस्डेनला तो स्वतः हजर होता आणि जिंकला. पण त्याच सुमारास ग्रॉसबीरेन, कात्सबाख, कुल्म आणि थोड्या दिवसांनी डेनेविट्झ इथे त्याचे सरदार हरले. ऑक्टोबरमध्ये लाइप्झिगला तो घेरला गेला. यातली एकही सेना एकट्याने त्याला भारी पडली असती असं मला वाटत नाही. मित्रांनी त्याचीच युक्ती त्याच्यावर उलटवली होती.

वॉटर्लूबद्दलही इथेच सांगतो, कारण लोक नेपोलियनची ती शेवटची लढाई ब्रिटिश सेनापती वेलिंग्टनच्या टेकडीवर ठरली असं समजतात. माझ्या मते ती दोन दिवस आधी ठरली. १६ जून १८१५ ला लिन्यीला प्रशियन सेना हरली. हरलेली सेना सहसा आपल्या रसदीच्या वाटेने मागे जाते, म्हणजे इथे पूर्वेकडे. ती उत्तरेला वाव्रकडे गेली, वेलिंग्टनच्या आवाक्यात राहण्यासाठी. प्रशियन सेनापती ब्ल्यूशरचा प्रमुख सल्लागार ग्नायझेनाउ याचा वेलिंग्टनवर विश्वास नव्हता, तरीही. १८ तारखेला दुपारी साडेचारच्या सुमाराला नेपोलियनच्या उजव्या बगलेवर प्रशियन तोफा सुरू झाल्या त्या या माघारीमुळे.

आपल्याकडचं १८०३ सालही याच चौकटीत बसतं. वसईच्या तहानंतर शिंदे आणि नागपूरकर भोसले इंग्रजांशी लढले तेव्हा यशवंतराव होळकर बाहेर राहिले. असई, लासवारी, आडगाव अशा लढाया होऊन डिसेंबरात भोसल्यांनी देवगावचा आणि शिंद्यांनी सुर्जी-अंजनगावचा तह केला, तेही वेगवेगळे. १८०४ मध्ये होळकर लढायला उभे राहिले. त्यांनी इंग्रज अधिकारी मॉन्सनच्या फौजेची दाणादाण उडवली, इंग्रजांना जेरीस आणलं, पण एकट्याने. असईला कुणाच्या तोफा कशा होत्या यावर आपण तासन्‌तास वाद घालतो, या तारखांवर कमी.

पहिल्या महायुद्धात हाच प्रकार मोठ्या प्रमाणावर दिसतो, आणि दोन्ही बाजू शेजारी ठेवून तुलना करता येते. जर्मनीची योजनाच मुळी फ्रान्सला आधी संपवून मग रशियाकडे वळायची होती. फ्रान्सने रशियाकडून लवकर चढाई करण्याचं वचन घेऊन ठेवलं होतं, आणि रशियाने पुरती जमवाजमव व्हायच्या आधीच ऑगस्ट १९१४ मध्ये पूर्व प्रशियात सेना घातल्या. परिणाम रशियासाठी भयंकर झाला: टॅनेनबर्गला एक अख्खी सेना नष्ट झाली. पण जर्मन सेनाप्रमुख मोल्टकेने घाबरून पश्चिमेकडची दोन कोअर, म्हणजे अनेक डिव्हिजनची दोन मोठी दळं, पूर्वेला पाठवली होती. ती टॅनेनबर्गच्या लढाईला पोहोचलीच नाहीत, आणि सप्टेंबरमध्ये पॅरिसजवळच्या मार्न नदीवरच्या लढाईतही नव्हती. पॅरिस वाचण्याची कारणं अनेक आहेत. त्यातलं एक हा रशियन पराभव. असे पराभव हरणाऱ्याच्या खात्यावर लिहिले जातात, त्यांचं व्याज मित्राला मिळतं. १८६६ मध्ये इटली कुस्तोझाला ऑस्ट्रियाकडून हरला, पण ऑस्ट्रियाची एक सेना तिकडे अडकून राहिली आणि दहाच दिवसांत प्रशियाने क्योनिगग्रेट्झला युद्ध निकालात काढलं. हरलेल्या इटलीला व्हेनिशिया मिळाला, आणि तो त्याने कमावलेला होता असं मी मानतो.

आता जर्मनी आणि ऑस्ट्रिया-हंगेरी. १८७९ पासूनची युती, दोन्हीकडच्या सेनापतींची भाषा एक, सीमा लागून. तरी १९१४ मध्ये मोल्टकेला वाटत होतं की रशियाला ऑस्ट्रिया थोपवेल, आणि ऑस्ट्रियाचा सेनाप्रमुख कॉनराड धरून चालला होता की जर्मनी लवकरच पूर्वेकडे येईल. कॉनराडने राखीव सेना आधी सर्बियाकडे पाठवली, मग ती परत फिरवली, आणि रशियाच्या सीमेवरच्या गॅलिशियात मार खाल्ला. पस्तीस वर्षांच्या मैत्रीत एकत्र बसून वेळापत्रक ठरवलेलं नव्हतं. १९१६ मध्ये तर कहरच. मोल्टकेच्या जागी आलेल्या फाल्केनहाइनने फ्रान्सच्या व्हर्दं किल्ल्यावर हल्ला केला तो कॉनराडला न सांगता. कॉनराडने मे महिन्यात इटलीवर चढाई केली ती फाल्केनहाइनला न सांगता, आणि त्यासाठी रशियन आघाडीवरच्या चांगल्या डिव्हिजन काढून घेतल्या. ४ जूनला रशियन सेनापती ब्रुसिलोव्ह नेमका तिथेच घुसला.

समोरची बाजू डिसेंबर १९१५ मध्ये फ्रान्समधल्या शाँतियीला जमली होती आणि पुढच्या वर्षी सगळ्या आघाड्यांवर एकाच सुमारास चढाई करायची असं तिने ठरवलं होतं. व्हर्दंमुळे योजना विस्कटली, सोम नदीवरच्या लढाईत माणसांचा चिखल झाला. सेनापतींच्या कल्पकतेबद्दल कुणी शिव्या घालत असेल तर मी अडवणार नाही. पण त्या उन्हाळ्यात जर्मनीला राखीव सैन्य घेऊन व्हर्दं, सोम आणि गॅलिशिया यांच्यामध्ये धावावं लागलं, हे त्या बैठकीचं फळ.

तरीही या मित्रांना एक सेनापती नेमायला जवळजवळ चार वर्षं लागली, आणि तेही मानगुटीवर संकट बसलं तेव्हा. २१ मार्च १९१८ च्या जर्मन हल्ल्याने ब्रिटिश आघाडी फुटली. फ्रेंच सेनापती पेताँला पॅरिस झाकायचं होतं, ब्रिटिश सेनापती हेगला इंग्लिश खाडीवरची बंदरं. दोघेही आपापल्या जागी बरोबर होते आणि म्हणूनच दोन्ही सेनांमध्ये भगदाड पडायची वेळ आली होती. २६ मार्चला दुलाँच्या बैठकीत समन्वयाचं काम फ्रेंच जनरल फॉशकडे दिलं गेलं. त्याच्या हातात खरा अधिकार फारसा नव्हता. राखीव सैन्य कुठे जाईल हे ठरवणारा कुणीतरी एक माणूस आला, इतकंच. त्याच्यामुळे फट पडली नाही, आणि ऑगस्टपासून एक हल्ला थांबला की दुसऱ्या ठिकाणी दुसरा, हे चक्र सुरू झालं.

सेनापतींपेक्षाही मला जहाजांच्या समित्या महत्त्वाच्या वाटतात, पण त्यांच्यावर कुणी पुतळे उभारत नाही. १९१७ च्या पाणबुडी मोहिमेनंतर मित्रांनी जहाजांची जागा वाटून घ्यायला संयुक्त मंडळ नेमलं: गहू आधी की कोळसा, इटलीला किती, फ्रान्सला किती. युरोपात गेलेल्या अमेरिकन सैनिकांपैकी जवळपास निम्मे ब्रिटिश जहाजांतून गेले आणि तिथे बऱ्याच अंशी फ्रेंच तोफांनी लढले. अमेरिकेकडे माणसं होती, ब्रिटनकडे जहाजं, फ्रान्सकडे तोफा. यातल्या कुणाचीही गोष्ट एकट्याने पुरी होत नव्हती. तुमच्या बेरजेच्या मुद्द्याला माझं खरं उत्तर हे आहे. आणि गंमत म्हणजे अमेरिका कायद्याने मित्रराष्ट्र नव्हतीच. ती स्वतःला सहयोगी राष्ट्र म्हणवत होती.

दुसऱ्या महायुद्धाची सुरुवात म्हणजे हा सगळा धडा विसरल्याची कहाणी. फ्रान्सने मे १९३९ मध्ये पोलंडला कबूल केलं होतं की जमवाजमव सुरू झाल्यापासून पंधरा दिवसांत मोठी चढाई करू. प्रत्यक्षात सार भागात काही किलोमीटर आत जाऊन फ्रेंच थांबले, मग परतले. पोलंड एकटा संपला. बेल्जियम १९३६ मध्येच तटस्थतेकडे परतला होता, त्यामुळे त्याच्याशी धड संयुक्त योजना करता येईना. म्हणून मे १९४० मध्ये जर्मन हल्ला झाल्यावर फ्रेंच आणि ब्रिटिश सेना धावत बेल्जियममध्ये शिरल्या, आणि राखीव ठेवायची फ्रेंच सातवी सेना हॉलंडशी हात मिळवायला ब्रेडाकडे गेली. जर्मन रणगाडे सेदानला नदी ओलांडत होते तेव्हा त्यांना अडवायला मागे काही शिल्लक नव्हतं. फ्रान्सच्या पराभवाची चर्चा जर्मन सीमेवरच्या मॅजिनो तटबंदीवरून होते. मी विद्यार्थ्यांना नकाशावर ही सातवी सेना शोधायला लावतो.

अक्ष राष्ट्रांचा, म्हणजे जर्मनी, इटली आणि जपानचा, त्रिपक्षीय करार २७ सप्टेंबर १९४० ला बर्लिनमध्ये थाटात झाला. महिनाभरात, २८ ऑक्टोबरला, मुसोलिनीने हिटलरला विश्वासात न घेता ग्रीसवर हल्ला केला आणि तो अंगाशी आला. जर्मनीला बाल्कनमध्ये उतरावं लागलं. यामुळे रशियावरची मोहीम लांबली आणि म्हणून मॉस्को वाचलं, असं म्हणतात. मला ते निम्मंच पटतं, कारण त्या वर्षी वसंतात नद्या फुगलेल्या होत्या आणि रस्ते चिखलात होते. पण रशियावर हल्ला करणार हे हिटलरने जपानला धड सांगितलं नाही, हे निर्विवाद. जपानने एप्रिल १९४१ मध्ये सोव्हिएत संघाशी तटस्थतेचा करार करून टाकला होता आणि तो १९४५ पर्यंत पाळला. त्या हिवाळ्यात अतिपूर्वेकडच्या सोव्हिएत डिव्हिजन मॉस्कोकडे आणता आल्या.

त्याहून विचित्र गोष्ट पुढे. अमेरिकेने लेंड-लीज या मित्रांना युद्धसाहित्य पुरवायच्या योजनेखाली सोव्हिएत संघाला जे सामान पाठवलं त्यातलं वजनाने सुमारे निम्मं पॅसिफिकमार्गे व्लादिवोस्तोकला गेलं, सोव्हिएत झेंड्याच्या जहाजांतून, जपानच्या नाकासमोरून. त्या वाटेने शस्त्रं जात नव्हती, पण अन्न, ट्रक, रेल्वे इंजिनं जात होती. जर्मनीचा मित्र जर्मनीच्या शत्रूची रसद चार वर्षं जाऊ देत होता, कारण त्याला आपलं दुसरं युद्ध नको होतं. युती कागदावर असणं आणि युद्धात असणं यातला फरक याहून ठळक मला कुठे सापडलेला नाही.

दुसऱ्या बाजूला अमेरिका आणि ब्रिटन यांच्यात तर औपचारिक युतीचा तहच नव्हता. होतं ते १ जानेवारी १९४२ चं २६ देशांचं जाहीरनामावजा वचन: शत्रूशी वेगळा तह करणार नाही. पण अमेरिका युद्धात पडण्याआधीच, १९४१ च्या सुरुवातीला, दोघांचे अधिकारी वॉशिंग्टनमध्ये बसून ठरवून मोकळे झाले होते की जपानशी युद्ध झालं तरी आधी जर्मनी. पर्ल हार्बरनंतर संयुक्त सेनाप्रमुखांची कायम समिती वॉशिंग्टनमध्ये बसली. दारूगोळा आणि जहाजं वाटायला वेगळी मंडळं झाली. अमेरिकेचा सेनाप्रमुख मार्शल आणि ब्रिटनचा सेनाप्रमुख ॲलन ब्रुक यांचं फ्रान्सवर कधी उतरायचं यावरून कडाक्याचं वाजलं. माझ्या मते ब्रुक १९४२ बद्दल बरोबर होता. वाजलं तरी शेवटी एकच योजना बाहेर पडत होती, दोन नव्हे.

स्टालिनशी इतकंही नव्हतं. संशय दोन्हीकडून होता, दुसऱ्या आघाडीवरून त्याचा राग खरा होता, आणि जर्मन भूसेनेचा सर्वांत मोठा संहार त्याच्याच आघाडीवर होत होता. सोव्हिएत संघाचे सुमारे २ कोटी ७० लाख लोक त्या युद्धात गेले. लेंड-लीजमुळे रशिया जिंकला असं म्हणणाऱ्यांशी माझं जमत नाही. पण चार लाखांहून अधिक ट्रक आणि जीप मिळाल्या म्हणून सोव्हिएत कारखान्यांना रणगाड्यांवर भर देता आला, आणि १९४४ मध्ये त्यांचं पायदळ आणि तोफा रणगाड्यांच्या मागे इतक्या वेगाने सरकल्या. १९४३ च्या अखेरीस तेहरानला स्टालिनने शब्द दिला होता की नॉर्मंडीच्या चढाईच्या सुमारास आपणही मोठा हल्ला करू. ६ जून १९४४ ला नॉर्मंडी, २२-२३ जूनला बाग्रातियोन हा सोव्हिएत हल्ला. जर्मनीला कुठूनही कुठेही सैन्य हलवता येईना. जर्मनी हरल्यावर दोन-तीन महिन्यांत जपानवर चाल करू हे याल्टाच्या बैठकीतलं वचनही त्याने तीन महिन्यांच्या मुदतीत, ८ ऑगस्ट १९४५ ला युद्ध पुकारून पाळलं.

मित्र ओझंही होतात, हे सांगायला हवं. स्टालिनग्राडच्या दोन्ही बाजू रुमानियन सेनांकडे होत्या. रणगाडाविरोधी तोफा त्यांच्याकडे अपुऱ्या होत्या आणि त्यांनी त्या मागितल्या होत्या. १९ नोव्हेंबर १९४२ पासून सोव्हिएत हल्ले तिथेच झाले. डॉन नदीवर हंगेरियन आणि रुमानियन सेनांच्या मध्ये इटालियन सेना होती, कारण ट्रान्सिल्वेनियाच्या प्रदेशावरून ते दोघे एकमेकांवर उलटतील अशी धास्ती होती. दुबळ्या मित्राला हत्यारं न देता आघाडीचा तुकडा सोपवणं म्हणजे शत्रूला दार दाखवणं. १९१४ मध्ये ऑस्ट्रियाला बिनशर्त पाठिंबा देऊन जर्मनीने स्वतःला कशात ओढून घेतलं, त्यावर तर ग्रंथालयं भरली आहेत, इथे थांबतो.

युती तोडायचा सर्वांत स्वस्त मार्ग म्हणजे वेगळा तह. सात वर्षांच्या युद्धात प्रशियाचा फ्रेडरिक बुडायच्या बेतात होता. जानेवारी १७६२ मध्ये रशियाची सम्राज्ञी एलिझाबेथ वारली, तिचा वारस फ्रेडरिकचा चाहता निघाला आणि रशिया युद्धातून बाहेर पडला. एप्रिल १९४५ मध्ये रूझवेल्ट गेल्याची बातमी बर्लिनच्या बंकरमध्ये पोहोचली तेव्हा याच प्रसंगाची आठवण काढली गेली. या वेळी कुणी फुटलं नाही. १८१४ मध्ये शोमाँच्या करारात ब्रिटन, रशिया, ऑस्ट्रिया आणि प्रशिया यांनी प्रत्येकी दीड लाख सैन्य आणि वेगळा तह नाही ही अट लिहून घेतली, ब्रिटनने वर ५० लाख पौंडांचं साहाय्य कबूल केलं, तेव्हा नेपोलियनच्या हातातलं शेवटचं पान गेलं.

आता करारांच्या भरवशाबद्दल. १९८० सालच्या एका अभ्यासात युद्धाच्या वेळी युत्या पाळल्या जाण्याचं प्रमाण २७ टक्के निघालं होतं. २००० मध्ये काही संशोधकांनी करारांचे मजकूर वाचून, नेमकं कोणत्या प्रसंगी काय करायचं ठरलं होतं ते तपासलं, तेव्हा आकडा ७५ टक्क्यांच्या आसपास गेला. १९१४ मध्ये इटली तटस्थ राहिला याला लोक दगा म्हणतात, पण त्याचा करार बचावापुरता होता आणि ऑस्ट्रियाने स्वतःहून हल्ला केला होता. उलट डिसेंबर १९४१ मध्ये हिटलरने अमेरिकेवर युद्ध पुकारलं तेव्हा करार त्याला बांधत नव्हता, कारण हल्ला जपानने केला होता. म्हणून करार वाचताना अटी वाचा, आणि मग त्यामागे कायमचं मुख्यालय, एकत्र कवायती, एका मापाचा दारूगोळा आहे का ते बघा. नाटोचं पाचवं कलम प्रत्येक सदस्याला ‘आवश्यक वाटेल ती’ कृती करायला सांगतं, आपोआप युद्धात उडी घ्यायला नाही. तिथे वजन आहे ते १९५१ पासून चालू असलेल्या संयुक्त सेनामुख्यालयाचं.

एक बाजू राहिली: जे मित्र लढतच नाहीत त्यांची. १८७० मध्ये तिसऱ्या नेपोलियनला ऑस्ट्रिया आणि इटली येतील अशी आशा होती. बिस्मार्कने ते येणार नाहीत अशी व्यवस्था करून ठेवली होती. १९७१ मध्ये भारताने ९ ऑगस्टला सोव्हिएत संघाशी केलेल्या करारात एकत्र लढायचं वचन नव्हतं, धोका आला तर सल्लामसलत करायचं होतं. पण डिसेंबरच्या युद्धात सुरक्षा समितीतले युद्धबंदीचे ठराव सोव्हिएत नकाराधिकाराने अडले आणि पूर्वेची मोहीम पुरी व्हायला वेळ मिळाला. चीन का उतरला नाही याचं सगळं श्रेय मात्र मी त्या कराराला देत नाही. मोहीम हिवाळ्यापर्यंत थांबवण्यामागे हिमालयातल्या खिंडी बर्फाने बंद व्हाव्यात हाही हिशेब होता, आणि बर्फाचा वाटा किती, मॉस्कोचा किती, हे आजही वेगळं काढता येत नाही.